तलवार म्यानात, हात मुठीवर: काल्पनिक जगातला अस्वस्थ शांततेचा काळ कसा उभा राहतो

कादंबरी असो, वेबमालिका असो की मोबाइलवरचा गेम, काल्पनिक जगाच्या गोष्टीला बहुधा एक कालपट जोडलेला असतो. त्यात महायुद्धांना पानंच्या पानं मिळतात. मग मध्येच एक ओळ येते: 'पुढे तह झाला आणि कला बहरल्या.' लगेच पुढचं युद्ध सुरू. वाचणारा इथे अडखळतो आणि असं जग स्वतः रचू पाहणारी मुलं तर हमखास अडकतात. तह झाला म्हणजे नेमकं काय झालं? कालपर्यंत एकमेकांची गावं जाळणारे लोक आज गाणी का रचू लागले? आणि सगळं एवढं छान चाललं होतं, तर ते मोडलं कशानं?

सोलापूरच्या वाचकाला याची उत्तरं शोधायला लांब जावं लागत नाही. सिद्धेश्वर तलावाच्या काठावरचा भुईकोट किल्ला दीडशे वर्षं अशाच तहांमधली वस्तू होता. कधी मागितलेली, कधी कबूल करून न दिलेली, कधी लग्नात दिलेली. तो नीट समजून घेतला, तर कुठल्याही काल्पनिक जगातली ती एक ओळ उलगडता येते.

अस्वस्थ शांतता म्हणजे काय?

दोन किंवा जास्त राज्यं लढत नाहीत, पण लढायची तयारीही सोडत नाहीत, त्या काळाला अस्वस्थ शांतता म्हणू. फौज घरी पाठवलेली नसते. किल्ल्यावरची तोफ उतरवलेली नसते. व्यापारी मात्र येत-जात असतात.

मागावर काम केलेल्यांना हे पटकन कळेल. ताण्याचे उभे धागे ढिले पडले तर धोटा नीट सरकत नाही आणि कापड झोळ खातं. ताण फार झाला तर धागे तटातट तुटतात. या दोन्हींच्या मधे, सतत ताणलेल्या धाग्यांवरच चादर विणली जाते. एखादा धागा तुटतोच. माग थांबवायचा, गाठ मारायची, पुढे जायचं. तहाचंही तसंच. एकदा सही करून तो कायमचा होत नाही, त्याला वरचेवर गाठी माराव्या लागतात.

हा ताण टिकायला तीन गोष्टी लागतात. कुणालाही दुसऱ्याला पूर्ण गिळता येऊ नये. दोघांकडेही गमावण्यासारखं काही हवं. आणि दोघांनाही वाटणारी तिसरी, मोठी भीती असली तर शांतता जास्त टिकते. बहमनी राज्य फुटल्यावर दख्खनेत पाच शाह्या झाल्या: अहमदनगरची निजामशाही, विजापूरची आदिलशाही, गोवळकोंड्याची कुतुबशाही, वऱ्हाडची इमादशाही आणि बिदरची बरीदशाही. एखादी फार वाढली की बाकीच्या एकत्र येत. दक्षिणेला विजयनगर होतं, पुढे उत्तरेकडून मुघल आले. तिन्ही अटी इथे भरत होत्या.

साडेपाच परगण्यांचा वाद

१५२४ च्या सुमारास सोलापुरात एक शाही लग्न लागलं. वधू मरियम, विजापूरच्या इस्माइल आदिलशहाची बहीण. वर अहमदनगरचा बुऱ्हाण निजामशहा. सोलापूरचा किल्ला आणि भोवतालचे साडेपाच परगणे हुंड्यात द्यायचे, असं निजामशाहीचं म्हणणं होतं. लग्न पार पडलं, किल्ला मात्र मिळाला नाही. विजापूरनं कानावर हात ठेवले आणि लढाई जुंपली. पुढची कित्येक वर्षं दोन्ही राज्यं या किल्ल्यासाठी भांडत राहिली.

मग चाळीसेक वर्षांनी विजयनगरची भीती वाढली, तेव्हा एव्हाना अहमदनगरच्या ताब्यात गेलेला तोच किल्ला उलट दिशेनं फिरला. अहमदनगरच्या हुसेन निजामशहानं आपली मुलगी चांदबीबी विजापूरच्या अली आदिलशहाला दिली आणि सोलापूर हुंडा म्हणून दिलं. अलीची बहीण निजामशहाच्या मुलाला, मुर्तझाला, दिली गेली. त्यानंतर २३ जानेवारी १५६५ ला तालिकोटची लढाई झाली आणि विजयनगर कोसळलं. तिसरी भीती संपली आणि विजेत्यांमधली जुनी भांडणं पुन्हा वर आली.

काल्पनिक जग रचणाऱ्यानं इथला सर्वांत मौल्यवान शब्द उचलावा तो 'साडेपाच'. पाच नाही, सहा नाही. त्या अर्ध्या परगण्यात कुठली गावं, कुठल्या विहिरी, कुणाचा महसूल, यावर पिढ्यान्‌पिढ्या वाद घालता येतो. नकाशावर सरळ रेघ मारून 'ही सीमा' म्हटलं, तर तहात भांडायला जागाच उरत नाही. म्हणून तहात एक तरी कलम असं ठेवा, की ज्याचा अर्थ दोन्ही बाजू प्रामाणिकपणे वेगवेगळा लावतील. लबाडीनं मोडलेल्या तहापेक्षा प्रामाणिक गैरसमजातून मोडलेला तह वाचकाला जास्त बोचतो.

तह चालतो कशावर?

पहिलं, माणसं. लग्नात दिलेली मुलगी किंवा ओलीस म्हणून पाठवलेला मुलगा. ओलीस म्हणजे तह पाळला जावा म्हणून परक्या दरबारात ठेवलेला आपला माणूस. रचताना त्याचं वय नक्की करा. आठ वर्षांचा मुलगा ओलीस गेला, तर अठराव्या वर्षी तो मायभाषेपेक्षा शत्रूची भाषा चांगली बोलतो. त्याला परत बोलावून गादीवर बसवलं तर काय होईल, हा प्रश्न एका अख्ख्या कादंबरीला पुरेल. चांदबीबीचंच पाहा. अहमदनगरची लेक, विजापूरची सून. विजापुरात लहानग्या दुसऱ्या इब्राहिम आदिलशहासाठी तिनं कारभार सांभाळला आणि १५९५-९६ मध्ये मुघलांनी वेढा घातला तेव्हा माहेरचा किल्ला लढवला.

दुसरं, पैसा आणि शब्द. १६३६ मध्ये शहाजहान आणि विजापूर यांच्यात तह झाला आणि निजामशाही दोघांनी वाटून घेतली. विजापूरनं वीस लाख रुपये पेशकश, म्हणजे वरचढ सत्तेला द्यायची रक्कम, कबूल केली. एकमेकांचे सरदार फोडायचे नाहीत, असंही ठरलं. शहाजीराजे भोसल्यांनी ठरावीक किल्ले सोडल्याखेरीज त्यांना नोकरीत घ्यायचं नाही, असंही एक कलम होतं. दोन बादशाही सत्तांच्या तहात एका सरदाराच्या नावाचं कलम यावं, यावरून खरी भीती कुणाची होती ते कळतं. तुमच्या तहातही राज्यांच्या नावांबरोबर एका माणसाचं नाव घाला. तो कोण, हे वाचक आपणहून विचारील.

तिसरं, अंतर. हे बहुतेक जण विसरतात. सोलापूर ते विजापूर सुमारे शंभर किलोमीटर. स्वार हे अंतर दोन दिवसांत कापतो, पायी माणूस चार दिवसांत आणि धान्याचे बैल घेऊन निघालेला लमाणांचा तांडा आठ ते दहा दिवसांत. म्हणजे सीमेवर चकमक उडाली, तर राजाला कळायला दोन दिवस, त्याचा हुकूम परत यायला दोन आणि मागून दाणागोटा यायला आणखी आठ-दहा. या दोन आठवड्यांत सीमेवरचा किल्लेदारच राजा असतो. शांतता टिकवणं किंवा घालवणं त्याच्या हातात असतं. त्याच्या स्वभावाकडे राजाच्या स्वभावाइतकंच लक्ष द्या.

चौथं, वकील. हा दरबारी राजदूत असतो आणि उघड गुपित म्हणजे हेरही असतो. अकबराचा वकील असद बेग विजापूरला आला तो इब्राहिम आदिलशहाची मुलगी अकबराचा मुलगा शहजादा दानियाल याच्यासाठी घेऊन जायला. परत जाताना त्यानं विजापुरातून एक नवीनच वस्तू नेली आणि अकबरापुढे ठेवली: तंबाखू आणि ओढायची नळी. लग्नाचा तह करायला गेलेला माणूस व्यसन घेऊन परतला. सांस्कृतिक देवाणघेवाण म्हणतात ती अशी, आडवाटेनं होते.

पण कला बहरायला तर निवांतपणा लागतो ना?

हा आक्षेप नेहमी येतो. निवांतपणा उपयोगी पडतो, यात शंका नाही. पण दख्खनेतला अनुभव सांगतो की ताणही कामाला येतो. त्याची कारणं समजून घेतली तर काल्पनिक जग खरं वाटू लागतं.

आधी पैशाचा हिशेब. राज्याच्या उत्पन्नाचे शंभर भाग धरा. युद्धात सत्तर भाग फौज खाते, दहा दरबार आणि वीसात बाकी सगळं. अस्वस्थ शांततेत फौज पन्नासावर येते, कारण ती मोडता येत नाही. किल्ल्यांच्या डागडुजीला बारा, पेशकशीला आठ, रस्ते-तलाव आणि इतर गरजांना पंधरा. उरलेले पंधरा दरबार आणि बांधकामाला. हे आकडे कुठल्या दफ्तरातले नाहीत, रचनेसाठी धरलेला अंदाज आहे. पण दरबाराच्या वाट्याला दहाचे पंधरा होणं म्हणजे दीडपट. घुमट, चित्रं आणि गवई या वाढीवर पोसले जातात. तुमच्या जगात एखादा भव्य महाल उभा करायचा असेल, तर आधी हे पंधरा भाग कुठून आले ते लिहा.

दुसरं, माणसं हलतात. राज्य कोसळलं किंवा दरबारात गट पडले की कवी आणि चित्रकार शेजारच्या राज्यात जातात. कवी जुहूरी अहमदनगरहून विजापूरला आला. इतिहासकार फरिश्ताही आधी निजामशाहीत होता, तोही विजापूरलाच गेला. दुसऱ्या इब्राहिम आदिलशहाच्या (१५८०-१६२७) दरबारात इराणी होते, दखनी होते आणि हॉलंडचा एक चित्रकारही होता. या सुलतानाचा जीव संगीतात होता. त्यानं दखनी भाषेत गीतं रचली, त्यांत सरस्वतीला वंदन केलं आणि आपल्या तंबोऱ्याला मोतीखान असं नाव दिलं. आज पाच पिढ्यांनंतर तुमच्या काल्पनिक राजाबद्दल लोकांना त्याच्या लढायांपेक्षा तंबोऱ्याचं नाव आठवावं, असं काही लिहिता आलं तर काम साधलं.

तिसरं कारण मला सर्वांत महत्त्वाचं वाटतं. लढता येत नसेल तेव्हा दिखावा हेच लढणं होतं. शेजाऱ्याच्या वकिलाला थक्क करायचं, म्हणजे तो परत जाऊन सांगेल की यांच्याकडे अजून बळ आहे. नळदुर्ग सोलापूरपासून जेमतेम पन्नास किलोमीटरवर. तो सीमेवरचा लष्करी किल्ला. तिथेच बोरी नदीवर धरण बांधून, त्या धरणाच्या पोटात इब्राहिमच्याच काळात, १६१३ च्या सुमाराला, पाणीमहाल बांधला गेला. पावसाळ्यात बाहेरून नर आणि मादी हे धबधबे कोसळतात आणि आतल्या दालनात माणूस कोरडा बसून पाणी पाहतो. पण हेच अडवलेलं पाणी वेढ्याच्या वेळी किल्ल्याला पुरतं. विलास आणि संरक्षण एकाच भिंतीत. एकदा तरी पावसाळ्यात जाऊन ते दालन पाहावं.

मुलूखमैदान तोफ तशीच. १५४९ मध्ये अहमदनगरला, निजामशाहीसाठी, एका तुर्की ओतकाऱ्यानं ती ओतली. वजन सुमारे ५५ टन. तोंडाशी जबडा पसरलेलं श्वापद आणि त्याच्या जबड्यात हत्ती. नुसती मारायची असती तर एवढी नक्षी कशाला? पाहणाऱ्यानं लढण्याआधीच घाबरावं म्हणून. पुढे ती परांड्याच्या किल्ल्यात होती, तिथून १६३२ मध्ये विजापूरला गेली. तुमच्या जगात शस्त्र आणि कलावस्तू वेगवेगळ्या कोठारांत ठेवू नका.

आणि १६३६ च्या तहानंतरची वीस वर्षं पाहा. उत्तरेची सीमा शांत झाली, विजापूरच्या फौजा दक्षिणेत कर्नाटकात उतरल्या आणि त्याच वर्षांत गोल घुमट उभा राहत होता. बाहेरून सुमारे ४४ मीटर व्यासाचा. शांतता बहुधा एकाच सीमेवर असते. दुसऱ्या सीमेवरच्या कुणाच्या तरी घरी त्या घुमटाची किंमत मोजली जाते. काल्पनिक जगाचा सुवर्णकाळ लिहिताना हा हिशेब लपवू नये, असं मनापासून वाटतं.

जादू आली की गणित बदलतं ना?

बदलतं. म्हणूनच जादूचे नियम आधी ठरवावेत आणि तह नंतर लिहावा. मांत्रिक क्षणात निरोप पोचवत असेल, तर किल्लेदाराचे ते दोन आठवडे नाहीसे होतात. उडणारा राक्षस तट ओलांडत असेल, तर भुईकोट बांधून उपयोग नाही. मग त्या राक्षसाच्या पोटाचा विचार करा. त्याला दोन दिवसांत एक रेडा लागत असेल, तर वर्षाला १८० हून जास्त रेडे. असे वीस राक्षस पाळणाऱ्या राज्याला वर्षाला साडेतीन हजारांवर रेडे हवेत. त्यांचा तह सोन्यापेक्षा गुरांच्या बाजारावर अडेल.

एक उदाहरण पूर्ण रचून पाहू. आपल्या भागाला शोभेल असं. उगवत आणि मावळत अशी दोन राज्यं. दोन्हीकडे मेघहाकारे आहेत, म्हणजे गाऊन ढगांना बोलावणारी माणसं. नियम एकच: एकीकडे बोलावलेला ढग दुसरीकडे बरसत नाही. पाऊस मुळात कमी, सोलापूरसारखा वर्षाला साडेपाचशे मिलिमीटरच्या घरातला. युद्ध केलं तर हाकारे मरतात आणि दोघंही कोरडे राहतात. म्हणून तह.

तहात पावसाची नक्षत्रं वाटली. मृगापासून हस्तापर्यंत नऊ नक्षत्रं, म्हणजे प्रत्येकी साडेचार. पहिली साडेचार उगवतीची, ती खरीप घेते. शेवटची साडेचार मावळतीची, कारण तिची रब्बीची ज्वारी उत्तरा-हस्ताच्या ओलीवर येते. मधलं आश्लेषा नक्षत्र अर्धं-अर्धं. आश्लेषा साधारण चौदा दिवसांची, म्हणजे सातव्या दिवशी सूर्यास्ताला उगवतीनं गाणं थांबवायचं. पण आभाळात तेव्हा भरून आलेला ढग कुणाचा? उगवत म्हणते, आम्ही बोलावला. मावळत म्हणते, आता आमची पाळी. आपला साडेपाचावा परगणा हाच.

इथून संस्कृती आपोआप उगवते. सातव्या रात्री गडबड होऊ नये म्हणून दोन्हीकडचे हाकारे सीमेवरच्या गावात एकत्र बसतात. समोर दगडी रांजण, त्यावर पाणी मोजायच्या रेघा. एकमेकांवर पाळत ठेवायला दोघंही रात्रभर जागतात. जागायचं तर काय करायचं, म्हणून गातात, पण ढग येणार नाहीत अशा बेतानं, एक सूर मुद्दाम गाळून. तीन पिढ्यांत तो गाळलेला सूर हीच एक गायकी होते. तिची घराणी होतात, सवाल-जवाब होतात, जत्रा भरते, कडक भाकरी आणि शेंगाचटणीची दुकानं लागतात. जत्रेला आलेल्या पोरांना आपण पाळतीवर बसलेल्यांचे नातू आहोत हे ठाऊकही नसतं. मग एका वर्षी एखादी गायिका तो गाळलेला सूर लावते. चुकून की जाणून, ते तुम्ही ठरवा.

या रचनेत कुठे घसरायला होतं? एक, हाकाऱ्यांची संख्या न ठरवणं. ते हजारो असतील तर तह पाळला जातो का, हे पाहणं अशक्य होतं. प्रत्येक राज्यात तीस-चाळीस ठेवा, म्हणजे प्रत्येकाचं नाव शत्रूच्या वहीत असेल. दोन, चोरटे हाकारे विसरणं. जिथे वाटप आहे तिथे चोरी असणारच. तीन, तिसऱ्या राज्याची अडचण न दाखवणं. ज्याच्या वाट्याला एकही नक्षत्र आलं नाही, ते कुणीतरी नकाशाच्या कडेला बसलेलं असतंच.

हे सगळं दरबाराचं झालं, सामान्य माणसाचं काय?

त्याच्या आयुष्यात शांतता सर्वांत आधी भाषेत दिसते. फौजा, बाजार आणि दर्गे यांच्यातून दखनी तयार झाली. पहिल्या इब्राहिम आदिलशहानं महसुलाचे हिशेब फारसीऐवजी इथल्या भाषेत ठेवायला लावले आणि इथले ब्राह्मण कारकून दफ्तरात आले. आजही सोलापूरच्या बाजारात मराठी, कन्नड, तेलुगू आणि दखनी एका दुकानासमोर ऐकू येतात. त्यामुळे काल्पनिक जगातल्या सीमेवरच्या गावाला एकच शुद्ध भाषा देऊ नका. शिव्या एका भाषेतल्या, मापं दुसरीतली आणि प्रार्थना तिसरीतली असं वाटप करून पाहा. गाव लगेच जिवंत होतं.

दुसरा परिणाम बेकार शिपायाचा. पन्नास भागांवर आलेल्या फौजेतून जे घरी गेले, त्यांच्याकडे शस्त्र आहे आणि काम नाही. काही जण वाटा अडवतात, काही दुसऱ्या राज्याच्या चाकरीला जातात. सीमेवरच्या शेतकऱ्याला कागदावरचा तह आणि रात्रीची भीती दोन्ही एकदमच भोगावी लागतात.

मोडतं कुठे?

मोडण्याचं कारण लढाईच्या मैदानापेक्षा घरातच जास्त सापडतं. विजापूरच्या दरबारात दखनी आणि आफाकी, म्हणजे इराण-तुराणातून आलेले, असे गट होते आणि त्यांची ओढाताण सतत चालू असे. नोव्हेंबर १६५६ मध्ये मुहम्मद आदिलशहा वारला. गादीवर बसलेला अली खरा वारस नाही, असं निमित्त पुढे करून १६५७ मध्ये औरंगजेबानं बिदर आणि कल्याणी घेतली. तह करणारी पिढी गेली की तहातली कलमं कुणाला आठवत नाहीत, फक्त वाईट वागणूक आठवते. म्हणून काल्पनिक शांततेला वीस ते पंचवीस वर्षांचं आयुष्य द्या. शंभर वर्षं हवी असतील, तर मध्ये किमान चार वेळा गाठ मारल्याचं दाखवा आणि प्रत्येक गाठीला कुणीतरी काहीतरी गमावू द्या.

दुसरी चूक म्हणजे शांततेवर जास्त विश्वास. इब्राहिमनं १५९९ मध्ये विजापूरच्या पश्चिमेला नौरसपूर हे नवं नगर वसवायला घेतलं. संगीतावर जीव असलेल्या सुलतानाचं स्वप्नातलं शहर. ते विजापूरच्या भक्कम तटाबाहेर होतं. १६२४ मध्ये निजामशाहीचा कारभारी मलिक अंबर याच्या फौजेनं ते उद्ध्वस्त केलं. तुमच्या जगातलं सर्वांत सुंदर शहर तटाच्या आत आहे की बाहेर, हे नकाशा काढतानाच ठरवून टाका.

आणि सोलापूरचा किल्ला? हुंड्यात मागितला गेलेला, नाकारलेला, दिलेला, पुन्हा झगडून घेतलेला हा किल्ला १६६८ च्या तहात विजापूरनं मुघलांना देऊन टाकला. त्यानंतर अठरा वर्षांनी, १६८६ मध्ये, विजापूर पडलं.